विहीर गढूळ झाली ती दुपार

मला राग लवकर येतो, हे आधीच सांगून ठेवतो. बायकोचं म्हणणं असं की, बोअरची गाडी चालवून चालवून माझा आवाजच तसा झालाय. कॉम्प्रेसर सुरू असला की ओरडल्याशिवाय शेजारच्यालाही ऐकू जात नाही, आणि मग माणूस जेवायला बसला तरी मीठसुद्धा ओरडूनच मागतो. असेल बुवा. पण आयुष्यात एकदा मी जिच्यावर ओरडलो, तिच्यावर ओरडायला नको होतं. नगराध्यक्षपद, आमदारकी, हारतुरे हे सगळं लोकांना ठाऊक आहे. ती गोष्ट ठाऊक नाही, म्हणून ती सांगतो.

मी मूळचा तामिळनाडूचा. आमच्या भागात दर दुसऱ्या घरापुढे बोअरवेलची गाडी उभी असते आणि त्या गाड्या देशभर जमिनीला भोकं पाडत फिरतात. बाविसाव्या वर्षी अशाच एका गाडीचा ड्रायव्हर म्हणून मी नागपूरला आलो. हुडकेश्वरच्या पुढे तेव्हा तुरीची शेतं होती आणि त्या शेतांत चुन्याच्या रेघा मारून प्लॉट पाडलेले होते. रस्ता नाही, नळ नाही, तरी घरं उगवून राहिली होती आणि प्रत्येक घराच्या आधी बोअर लागत होता. आमचं तीन दिवसांचं काम होतं. दुसऱ्याच दिवशी गाडीचा गिअरबॉक्स गेला. पार्ट सेलमहून यायचा होता. मालक फोनवर म्हणाला, थांब. मी थांबलो तो आज तीस वर्षं झाली, थांबलोच आहे.

गाडी बंद पडली तिथून हाकेच्या अंतरावर एक बस्ती होती. सगळी बौद्ध घरं, मधोमध दगडी काठाची विहीर. गाडीतलं पाणी संपलं म्हणून कॅन घेऊन मी तिथे गेलो आणि काठाशी उभा राहिलो. विहीर कुणाची, विचारायचं कुणाला, काही कळेना. भाषा तर येतच नव्हती. तेवढ्यात एक बाई आली. माझ्याहून आठ-दहा वर्षांनी मोठी, चापूनचोपून नेसलेली सुती साडी, काखेत अंगणवाडीचं रजिस्टर.

"काहून उभा राहिला गा? बादली दिसून नाही राहिली का तुले?"

मोडक्यातोडक्या हिंदीत मी विचारलं, पाणी घेऊ का? ती हसली नाही.

"इथं विचारत नसतात. विचारून प्याचे दिवस माह्या बापानं याच विहिरीत गाडले."

त्यातलं मला तेव्हा 'बाप' आणि 'विहीर' एवढंच कळलं. बाकीचं पुढे समजलं. तिचा बाप आणि बस्तीतली माणसं नागपूरला दीक्षा घेऊन परत आली. गावच्या विहिरीवर तोवर त्यांना लांब उभं राहावं लागे, कुणी वरून ओतलं तर पाणी. पुढच्याच उन्हाळ्यात त्यांनी सब्बल-कुदळी घेतल्या आणि काळ्या खडकात स्वतःच्या हातांनी ही विहीर खोदली. तेव्हापासून एकाही मे महिन्यात ती आटली नव्हती. बुद्धपौर्णिमेची खीर याच पाण्याची, लग्नाच्या पंगतीचं पाणी याच विहिरीचं.

मी तिला अक्का म्हणायला लागलो, कारण आमच्याकडे मोठ्या बहिणीला तेच म्हणतात. ती मला अण्णा म्हणायला लागली, कारण नागपुरात मद्रासकडून आलेला प्रत्येक माणूस अण्णाच असतो. मराठी मला तिनंच शिकवलं, तेही अंगणवाडीच्या पोरांमध्ये बसवून. त्यामुळे माझं पहिलं मराठी म्हणजे 'हात धू', 'सांडू नको' आणि 'खोटं बोलू नको'. सभागृहात भाषण करताना अजूनही मधेच तसलं काहीतरी तोंडातून निघतं आणि लोकांना वाटतं अण्णा विनोद करून राहिले.

पुढे मी स्वतःची गाडी घेतली. लग्न केलं, बायकोला इकडे आणलं, बस्ती आणि लेआउट यांच्या मधल्या पट्टीत घर बांधलं. आमची मुलं घरात तामिळ बोलायला लाजतात आणि बाहेर अस्सल नागपुरी बोलतात. धंदा जोरात चालला, कारण शेतं संपत होती आणि लेआउट वाढत होते. ज्याच्या अंगणात पाणी लागतं तो माणूस बोअरवाल्याला जन्मभर विसरत नाही. दीडशे फुटांवर गाडीचा आवाज बदलतो, पाइपातून येणाऱ्या भुकटीचा चिखल होतो आणि मग एकदम फवारा उडतो. त्या वेळी मी भल्याभल्यांना नाचताना पाहिलंय. नवऱ्याशी वर्षभर न बोललेली एक बाई त्या फवाऱ्यात नवऱ्याच्या गळ्यात पडली होती. घ्या आता!

म्हणून नगर परिषदेची निवडणूक आली तेव्हा लोकच म्हणाले, अण्णा, उभे राहा. समोरच्या उमेदवारानं एकच गोष्ट लावून धरली होती, हा बाहेरचा माणूस आहे. शेवटच्या सभेत माझं डोकंच फिरलं. माइक हातात घेऊन म्हणालो, "हो, मी बाहेरचा. पण तुमच्या सगळ्यांच्या अंगणात मी दोनशे फूट आत जाऊन आलोय. हे तुमचे आतले उमेदवार कधी गेलेत का?" लोक खो खो हसले, टाळ्या पडल्या आणि मी नगराध्यक्ष झालो.

आणि नगराध्यक्ष झाल्यावर मी काय केलं असेल? बोअर मारले. सुताराला खुर्चीवर बसवा, तो गावभर दारं-खिडक्या करेल. मी प्रत्येक लेआउटमध्ये बोअर, वर मोटर, बाजूला काळी टाकी असा सपाटा लावला. मुख्याधिकारी म्हणायचे, जरा भूजलवाल्यांना विचारू या. मी म्हणायचो, भूजलवाले कागद बघतात, मी जमीन बघतो.

बस्तीच्या वरच्या अंगाला चढावर एक नवा लेआउट होता. तिथे पाणी शोधायला तळहातावर आडवा ठेवलेला नारळ जो ताडकन उभा राहिला तो खालीच होईना. गाडी लावली. एकशे ऐंशी फुटांवर असं पाणी लागलं की माझ्या सगळ्या धंद्यात तसं पाणी मी पाहिलं नव्हतं. फवारा दुमजली घराच्या वर गेला. तिथे राहायला आलेले एक निवृत्त मास्तर धावत आले आणि त्यांनी चिखलातच माझ्या गळ्यात हार घातला. बाया टाळ्या वाजवत होत्या, कुणीतरी फटाक्यांची लड लावली.

त्याच वेळी अक्काचा निरोप आला. बस्तीतला एक माणूस सायकलवरून सांगायला आला होता, "अक्कानं म्हटलं, विहिरीचं पाणी गढूळ होऊन राहिलं. पहा म्हणते काय झालं ते."

हे वाक्य ऐकलं की बोअरवाल्यानं आधी गाडी बंद करायला हवी. तुम्ही वर खडक फोडताय आणि त्याच वेळी खालची विहीर गढूळ होते, याचा अर्थ एकच. जी भेग तुम्ही वर फोडली, तीच त्या विहिरीला पाणी देते. हे मला कुणी शिकवायची गरज नव्हती. गाडीवर काम करणाऱ्या नवख्या माणसालाही हे पहिल्या वर्षी कळतं. माझ्या गळ्यात हार होता, अंगावर चिखल होता, लोक फोटो काढत होते. मी म्हणालो, "सांग तिला, दोन दिवसांत निवळेल."

दोन दिवसांत पाणी निवळलंही. मीही ते मनातून काढून टाकलं.

त्यानंतरच्या तिसऱ्या उन्हाळ्यात पक्षाकडून विधानसभेसाठी विचारणा झाली. तिकीट जवळजवळ ठरलं होतं. मी हवेत होतो. त्याच आठवड्यात, एका सकाळी, अक्का नगर परिषदेत आली. आता ती निवृत्त झाली होती, केस पांढरे झाले होते, साडी मात्र तशीच चापूनचोपून. माझ्या दालनात पाच-सहा कंत्राटदार बसले होते. ती उभीच राहिली.

"अण्णा, विहीर आटली. परवापासून तळ दिसून राहिला. पौर्णिमा तोंडावर आली, म्हणून सांगाले आली."

मला आधी समजलंच नाही की आपल्याला इतका राग कशाचा आला. आज कळतं, ती दुपार आठवली म्हणून आला. मी तिच्यावर ओरडलो, सगळ्यांसमोर. "नळ दिला ना तुमच्या बस्तीला? टाकी दिली ना? दारात पाणी येतं, आणखी काय पाहिजे? जुन्या विहिरीसाठी रडत काय बसायचं!"

कंत्राटदार खाली बघायला लागले. अक्कानं पदर खांद्यावर नीट घेतला.

"टाकीचं पाणी तू देतो म्हणून येते अण्णा. उद्या दुसरा बसला अन् नाही म्हटलं, तर नाही येणार. विहिरीचं पाणी आम्हाले कोणी देत नव्हतं." एवढं बोलून ती निघून गेली. आवाज जरासुद्धा चढवला नाही.

सणसणीत थोबाडीत बसावी तसं झालं मला. कंत्राटदारांना घालवलं आणि तासभर खुर्चीत नुसता बसून राहिलो. या बाईनं मला बोलायला शिकवलं आणि मी त्याच भाषेत तिच्यावर ओरडलो. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नाही.

दुसऱ्या दिवशी पँट गुडघ्यापर्यंत दुमडून मी त्या विहिरीत उतरलो. तळाशी चिखल, त्याच्या हातभर वर उत्तरेच्या अंगाला एक आडवी भेग. उत्तरेला म्हणजे चढावरच्या लेआउटकडे. भेगेत हात घातला. बोटांना धूळ लागली.

तरी मनात एक चोर होताच. म्हटलं, कदाचित पाऊसच कमी झाला असेल. म्हणून एक लबाडी केली. लेआउटच्या बोअरची मोटर जळाली असं सांगून ती आठ दिवस बंद ठेवली, लोकांना टँकर दिले. रोज सकाळी विहिरीत उतरून भेगेत हात घालत होतो. पाचव्या दिवशी दगड गार लागला. आठव्या दिवशी हात ओला झाला. मी त्या तळाशी बसून रडलो, खोटं कशाला सांगू? आनंदानं की शरमेनं, ते मलाही सांगता येणार नाही.

आता दोनच रस्ते होते. मोटर दुरुस्त झाली म्हणून सुरू करायची आणि आमदार व्हायचं. किंवा ती बंद ठेवायची आणि का बंद ठेवली ते सांगायचं. पक्षाचे जिल्ह्याचे एक जुने कार्यकर्ते घरी आले. हात जोडून म्हणाले, "अण्णा, तिकीट येऊन राहिलं अन् तुम्ही लोकायचं पाणी बंद करून राहिले? दिवाळीत निवडणूक आहे, तोवर थांबा न बाप्पा. मग काय करायचं ते करा." माणूस वाईट नव्हता, माझ्या भल्याचंच बोलत होता. मी त्याला म्हणालो, दिवाळीपर्यंत विहीर थांबणार नाही.

लेआउटच्या मोकळ्या मैदानात सभा घेतली. माणसं चिडलेलीच होती. मी सगळं सांगितलं. मोटर जळालीच नव्हती हे सांगितलं, विहिरीतली भेग सांगितली. आणि मग म्हणालो, "तुम्ही मला हार घातला त्या दुपारी विहीर गढूळ झाली होती. मला निरोप आला होता. त्याचा अर्थ मला कळला होता. मी गप्प बसलो."

हार घालणारे मास्तरच उठले. "म्हणजे आमच्या पोराबाळायनं आता तहानेनं मरायचं का? आमचीच मतं घेतली अन् आमचीच मोटर बंद केली? लोक खरं सांगत होते, शेवटी बाहेरचा तो बाहेरचाच."

तळपायाची आग मस्तकात गेली. पण त्या दिवशी ओरडायचा अधिकार माझा नव्हता. मी सांगितलं, मोटर रोज सकाळी एकच तास चालेल, पावसापर्यंत टँकर येतील, आणि यंदापासून तुमच्या स्लॅबवरचं पावसाचं पाणी नालीत जाणार नाही, खाली जमिनीत जाईल. कसं ते विचारा, मी दाखवतो. लोक खुर्च्या सरकवत उठून गेले.

प्रत्येक बोअरवाल्याला एक यादी तोंडपाठ असते आणि ती तो कुणापुढे म्हणत नाही. कोरड्या गेलेल्या बोअरची यादी. त्या चढावर माझेच कितीतरी बोअर कोरडे गेले होते. लोकांनी त्यावर फरशी ठेवून, कुंड्या ठेवून ते झाकले होते. मी ठरवलं, स्लॅबचं पाणी पाइपानं खाली आणायचं, गिट्टी आणि रेतीच्या खड्ड्यातून गाळायचं आणि याच कोरड्या भोकांत सोडायचं. ज्या भोकांनी मला तोंड लपवायला लावलं, त्यांनाच कामाला लावायचं. माझ्या घरापासून सुरुवात केली.

चौथ्या दिवशी मास्तर दारात उभे. तोंड वाकडं करूनच म्हणाले, "माह्या घरी तुम्हीच मारलेला कोरडा बोअर आहे. बायको त्यावर पापड वाळवते. त्याचं काही होते का तुमच्यानं?"

"होते न मास्तर," मी म्हणालो. "फक्त पापड दुसरीकडे वाळवावे लागतील."

त्यांना हसू आलं, पण त्यांनी ते दाबलं. त्या पावसाळ्यात चढावरच्या निम्म्या घरांचं पाणी जमिनीत गेलं. उरलेल्या निम्म्यांनी मला शिव्या दिल्या.

निवडणूक जिंकलो, पण थोडक्यात. लेआउटच्या बूथवर आपटलो, आणि मला त्याचं वाईट वाटलं, अजून वाटतं. अक्काला विचारलं, तू कुणाला मत दिलंस? म्हणाली, "ते सांगत नसतात गा." नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात पहिला प्रश्न मी विहिरींवरच विचारला. उत्तर आलं, माहिती घेण्यात येत आहे. मी म्हणालो, माहिती मी खाली उतरून घेऊन आलोय, ऐकता का? सगळे हसले, पण त्यानंतर मला दहा मिनिटं बोलू दिलं.

विहीर मात्र अशी भाषणं ऐकून भरत नसते. पुढच्या मे महिन्यात तिच्यात गुडघाभर चिखलपाणी होतं. पौर्णिमेची खीर टँकरच्या पाण्यावर झाली. अक्कानं मला वाटी दिली आणि पुढच्याला वाढायला वळली. ती खीर मी कशी गिळली ते माझं मला माहीत. पुढच्या पावसाळ्यात लेआउटची आणखी घरं जोडली. मास्तरच आता दारोदार जाऊन लोकांना तंबी द्यायला लागले होते. निवृत्त मास्तराच्या हाती काम लागलं की काय होतं, ते ज्यानं भोगलं त्यालाच कळेल.

यंदाच्या एप्रिलमध्ये मी कळमेश्वरला एका बैठकीत होतो. समोर अधिकारी, फायली, चहा. अक्काचा फोन आला. ती एरवी कधी फोन करत नाही. मला वाटलं, झालं, पुन्हा आटली.

"अण्णा, रविवारी विहिरीतला गाळ काढून राहिलो. अगोदर उपसा लागते, मोटर लावून राहिलो, चार तास तरी लागतील म्हणते पोट्टे."

"चार तास? इतकं पाणी आहे?"

"मंग! भेगेतून धार लागली आहे. तू ऐक तर खरा. घरटी एक माणूस उतरते गाळ काढाले, माह्या बापापासून तसंच आहे. बस्तीतल्या घरायलेच असते ते काम, बाहेरच्याले नाही सांगत. मी यादी करून राहिली. तुह्या घरून कोण येणार?"

बैठकीतले लोक माझ्याकडे बघत होते. मी फोन घेऊन बाहेर आलो. तीस वर्षं 'बाहेरचा' या शब्दाला मी सभेत विनोदानं, कधी रागानं उत्तर देत आलो होतो. याला काय उत्तर द्यायचं ते मला कुणी शिकवलं नव्हतं.

"ऐकून राहिला का गा?"

"मी येतो अक्का."

"तू म्हातारा झाला आता. पोराले पाठव."

"नाही. मीच येतो."

"बरं. सहाले ये. अन् घमेलं आपलं आपलं आणायचं."

रविवारी सहाला पोहोचलो तर माझ्याआधी पंधरा-वीस माणसं उतरायला तयार उभी होती. विहिरीशेजारच्या भिंतीवर अक्कानं खडूनं घरांची यादी लिहिली होती, अंगणवाडीत लिहायची तशा मोठ्या अक्षरांत. माझं नाव मी आधी यादीच्या शेवटी शोधलं. तिथे नव्हतं. ते मधेच होतं, घरांच्या ओळीत माझं घर जिथे येतं तिथे, दोन शेजाऱ्यांच्या मध्ये.